फुंकर मारायची नाही

मगदूम साहेबांच्या टेबलावर तीन कोटेशन,
वर पेपरवेट म्हणून
कुणाच्या तरी मांडीतून काढलेला स्टीलचा रॉड.
"बाई, केबल ती केबल. काच ती काच.
यातली स्वस्त कुठली, तेवढं सांगा."

जुनं हॉस्पिटल ते नवं स्कॅन सेंटर
मी आधी पावलांनी मोजलं, मग टेपनं.
मिरजेतला एकही रस्ता सरळ जात नाही:
सहाशे चाळीस मीटर, वळणं धरून.

मल्टिमोड तीनशेपर्यंत चांगली.
पुढं तिच्यातले किरण
निरनिराळ्या वाटांनी निघालेले
निरनिराळ्या वेळी पोचतात,
उरसातून परतणाऱ्या घरच्यांसारखे:
सगळे आले म्हणून कडी लावावी
तर अजून एक दारात.
सिंगलमोडची बोळ नऊ मायक्रॉनची.
एकच वाट, चुकायला जागाच नाही.
केबल स्वस्त, दोन्ही टोकांची मॉड्यूल महाग,
हे मी लपवलं नाही.

आमच्या गल्लीत अब्बा
तारेची जाडी अंगठ्यानं सांगतात.
बाजाची वेगळी, खर्जाची वेगळी, चिकारीची वेगळी.
एखादं गिऱ्हाईक म्हणतं, एकच लावा की सगळीकडं.
अब्बा काही बोलत नाहीत,
सतार उचलून त्याच्या मांडीवर परत ठेवतात.
मला तसं करता येत नाही.
माझं बिल अजून निघायचंय.

म्हणून सांगत बसले:
रस्त्याखालून पोलादी पत्र्याची घ्या,
गेल्या साली घुशींनी कॅमेऱ्याच्या वायरी
शेवयांसारख्या खाल्ल्या, तुम्हीच दाखवल्या होत्या.
पत्रा म्हणजे अर्थिंग आलं, तेही धरा.
आत जेल भरलेली हवी,
कृष्णा फुगली की इथलं गटार उलटं वाहतं.
आणि वॉर्डात शिरली की केबल बदला.
जळाली तरी काळा धूर न सोडणारी,
मीटरमागं अठरा रुपये जास्त.

"आग कशाला लागतीय हो?"

तिसऱ्या मजल्यावर पायाला वजनं टांगलेले
सतरा जण झोपलेत, साहेब.
ते कुठं पळणार?

त्यांनी रॉड उचलला, बोटांत फिरवला,
खाली ठेवला. सही केली.
कोअर मी चोवीस मागितले होते.
लागणार सहा, पण खणलेला रस्ता
नगरपालिका दुसऱ्यांदा खणू देत नाही.
बारावर मिटलं.

रात्री अकराला शेवटचा जोड.
अथणीचा शिवलिंग बॅटरी धरून, जांभया देत.
अब्बा कधी येऊन उकिडवे बसले कळलं नाही.
काचेचा उरलेला तुकडा त्यांनी चिमटीत धरला,
नखानं छेडला.
कट्‌.
"याला सूर नाही."
नाही.
"मग बिघडलं कसं कळतं?"
मीटरवर.
बघा, शून्य पॉइंट शून्य दोन. एवढाच उजेड वाटेत सांडला.
"आणि मीटर नसलं तर?"

मी तुकडा चिकटपट्टीवर घेतला,
औषधाच्या बाटलीत टाकला, झाकण लावलं.
पायात गेला तर एक्स-रेतही सापडत नाही.

जवारी काढताना ते शिंगाची घोडी
अर्धा दिवस घासतात, तार परत परत वाजवून.
आमच्या कनेक्टरचं टोकही घासलेलंच असतं,
फक्त आठ अंश तिरकं,
आलेला उजेड आल्या वाटेनं मागं फिरू नये म्हणून.
हे ऐकून अब्बा हसले. "आम्ही तर
तो मागं फिरावा म्हणूनच घासतो."

मग सवयीनं वाकले,
माझ्या हातातल्या टोकावरची धूळ उडवायला
गाल फुगवले

आणि मी, आयुष्यात पहिल्यांदा,
त्यांच्या तोंडावर तळवा धरला.
फुंकर नाही अब्बा.
श्वासातली ओल बसते त्यावर.

तळव्याला त्यांची गरम हवा लागत राहिली.
शिवलिंगनं बॅटरी दुसऱ्या हातात घेतली.